पुरणातली बडीशेप

देवगाव रंगारीला माझ्या आत्याच्या घरी अजूनही पुरणात बडीशेप कुटून घालतात. कुणी विचारलंच तर तिच्या सुना मोठ्या ठसक्यात सांगतात, ही आमच्या औरंगाबादच्या मामींची रीत. मामी म्हणजे माझी आई. आता माझं वय असं झालंय की कुणाला भ्यायचं कारण उरलेलं नाही, म्हणून सांगून टाकते. माझ्या आईनं जन्मात कधी पुरणात बडीशेप घातली नाही. वेलची, जायफळ, आणि थंडीचे दिवस असले तर चिमूटभर सुंठ, बस्स. बडीशेप मी घालायला लावली, आणि तीही काही चांगल्या हेतूनं नव्हे.

निजामाचं राज्य होतं तेव्हाची गोष्ट. वडील सुभ्याच्या कचेरीत कारकून होते. सकाळी शेरवानी चढवायची, रुमी टोपीवर फुंकर मारायची आणि निघायचं. दिवसभर उर्दूत लिहायचे आणि संध्याकाळी घरी येऊन मराठीत गप्प बसायचे. शहागंजाच्या मागच्या गल्लीत एका मुसलमान कुटुंबाच्या घरात आम्ही दोन खोल्या घेऊन राहत होतो. मी आठ वर्षांची असताना आई तापानं गेली. पंधरा दिवस ताप होता आणि सोळाव्या दिवशी ती नव्हती. एकट्या पुरुषानं पोरीला कसं सांभाळायचं, म्हणून आत्यानं मला उचललं आणि देवगावला नेलं.

देवगावात मी वर्षभर राहिले आणि साफ बिघडले. आत्याच्या घरी माणसंच माणसं, शेत, विहीर, दोन म्हशी. अभ्यास कोण घेतंय? पोरक्या पोरीला कुणी रागवायचं नाही असा आत्याचा हुकूम होता, आणि मी तो हुकूम पुरेपूर वापरला. आधीच माझा राग नाकाच्या शेंड्यावर असायचा, तिथं तो कपाळापर्यंत चढला.

वर्षश्राद्ध झालं आणि वडिलांनी दुसरं लग्न केलं. नवी बाई गुलबर्ग्याकडची. तेही निजामाचंच राज्य, तोच शिक्का, कचेरीत तीच उर्दू, पण चूल अगदी वेगळी. तिची मराठी कानडीच्या वळणाची होती, दर वाक्याच्या शेवटी एक ‘की’ लोंबकळायचा. ‘जेव की’, ‘बस की’. वय असेल एकोणीस-वीस. मला देवगावहून परत आणलं तेव्हा ती दारात भाकरतुकडा घेऊन उभी होती, ओवाळायला. मी तिच्याकडं न बघता तिच्या हाताखालून आत गेले. हिला मावशी म्हणायचं, असं वडिलांनी सांगितलं. मी म्हणायची, पण नाइलाज झाला तरच.

मावशीची एक खोड होती. काही करायला घेतलं की आधी मला विचारायची, तुझी आई कशी करायची? आमटीत चिंच का आमसूल? भाकरी परातीत थापायची का पोळपाटावर? केसांना तेल आदल्या दिवशी लावायची का न्हायच्या दिवशी? मला वाटायचं, काय ही बाई, हिला काहीच येत नाही. मी नाक मुरडून सांगायची आणि ती तसंच करायची.

खरं म्हणजे तिला पुष्कळ येत होतं. श्रावणात एकदा तिनं आपल्या माहेरच्या पद्धतीनं पुरणपोळ्या केल्या. आमच्याकडं पोळी पिठावर लाटतात, त्यांच्याकडं तेलावर. कणीक इतकी सैल की हातातून ओघळेल, ती तासभर तेलात मुरवलेली. केळीच्या पानाला तेल लावून त्यावर बोटांनीच थापत न्यायची आणि पानासकट उलटून तव्यावर सोडायची. पोळी अशी पातळ, की आतलं पुरण बाहेरून पिवळं दिसत होतं. वडील चार पोळ्या जेवले. मी ताट सरकवलं आणि म्हटलं, आमच्यात असल्या करत नाहीत, आमच्यात पिठावर लाटतात. वडिलांनी मान खाली घातली. मावशी म्हणाली, ‘बरं की.’ त्यानंतर तिनं तसल्या पोळ्या केल्या नाहीत.

भाद्रपद लागला तशी आत्या एकदा येऊन घर बघून गेली. डबे उघडून पाहिले, माझ्या वेण्या ओढून पाहिल्या. जाताना वडिलांना दारात उभं करून म्हणाली, ‘दादा, नवमीला मी येते. वहिनीच्या नावानं सवाष्ण म्हणून मीच बसते. त्या दिवशी बघते, हिच्या हातून वहिनीचं नीट होतंय का नाय. नाय झालं तर पोरीला मी घेऊन जाते, कायमची.’ वडील म्हणाले, ‘पोरीलाही विचारू.’ आत्या म्हणाली, ‘विचार की, तिचा जीव तिकडंच आहे.’

नवमी म्हणजे पितृपंधरवड्यातली अविधवा नवमी. जी बाई नवऱ्याच्या आधी कुंकवासकट गेली तिच्यासाठी त्या दिवशी एका सवाष्णीला जेवू घालतात, तिची ओटी भरतात. पान तिचं मांडायचं, पण ते जेवण असतं गेलेलीचं. म्हणून तिला आवडायचं ते करायचं आणि ती करायची तसं करायचं. माझ्या आईला आवडायची पुरणपोळी. आणि आई ती कशी करायची हे त्या घरात पाहिलेलं माणूस एकच होतं. वडिलांनी कधी चुलीकडं पाहिलेलं नव्हतं. राहिले मी.

माझ्या तर मनात मांडेच सुरू झाले. देवगाव, विहीर, म्हशी, ना अभ्यास ना मावशी. फक्त नवमी बिघडली पाहिजे.

एक गोष्ट तेवढी मधे आली. आमच्या आणि घरमालकिणीच्या अंगणात एक बुटकी भिंत होती. मावशीची त्या बाईशी गट्टी जमली होती, कारण दोघींना दखनी येत होती आणि मावशीला मराठीपेक्षा तीच मोकळेपणानं बोलता यायची. एका दुपारी मी न्हाणीत होते आणि भिंतीवरून मावशीचा आवाज आला, ‘छोकरी चली गई तो मैं दिनभर किससे बाताँ करूँ, आपा?’ औरंगाबादच्या पोरीला दखनी शिकवावी लागत नाही. मला कळलं. मला थोडं बरंही वाटलं, हे खोटं कशाला बोलू. पण तेवढ्यानं मी बधणारी नव्हते.

नवमीच्या आदल्या दिवशी मावशी डाळ निवडत बसली होती. तिनं विचारलं, ‘तुझी आई पुरण कसं करायची, मला सगळं सांग की. काही सोडू नको.’

मी सगळं सांगितलं. डाळ किती शिजवायची, गूळ कधी घालायचा, आटलेल्या पुरणात पळी उभी राहिली पाहिजे, पुरण पाट्यावर गरम असतानाच वाटायचं, कणीक आणि पुरण सारखंच मऊ असलं पाहिजे. सगळं खरं. आणि शेवटी, जीभ जराही न अडखळता, म्हटलं, ‘आणि मूठभर बडीशेप. भाजून, कुटून.’

‘मूठभर?’

‘हं. माझी नाही, तुमची मूठ.’

आणि वर आणखी एक ठेवून दिलं. ‘आई पोळ्या लाटताना पदर खोचायची नाही. डोक्यावरून घ्यायची.’ हे कशासाठी सांगितलं ते मलाही माहीत नाही. सुचलं म्हणून सांगितलं. खोटं बोलायला लागलं की हात आखडता कशाला घ्यायचा?

माझा हिशोब सरळ होता. नवमीचा स्वयंपाक चाखायचा नसतो. सवाष्ण जेवून उठेपर्यंत घरातल्या कुणी बोट लावायचं नाही, देवाच्या नैवेद्यासारखंच. म्हणजे मावशीला काही कळणार नाही. पहिला घास आत्याच्या तोंडात. आत्या दर दिवाळीला, दर संक्रांतीला आईच्या हातची पोळी खाऊन गेलेली. तिच्या जिभेला बडीशेप लागली की ती ताटावरून उठणार, ‘ही आमच्या वहिनीची पोळीच नव्हे’ म्हणणार, आणि मी संध्याकाळी बोचकं बांधणार.

नवमीच्या सकाळी मावशी न्हाऊन सोवळ्यात चुलीपाशी बसली. मला आत जायची सोय नव्हती. मी उंबऱ्याच्या अलीकडं पाट टाकून बसले आणि मास्तरीण झाले. ‘कणीक अजून तिंबा.’ ‘पीठ जास्त झालं.’ ‘असा उंडा भरतात होय?’ तेलावर थापायची सवय असलेले हात ते, लाटणं त्यांना ऐकेना. पहिली पोळी पोळपाटालाच चिकटली. दुसरी तव्यावर फुटली, पुरण बाहेर येऊन करपलं, घरभर धूर. तिसरीला कडेला पुरणच पोचलं नाही. आणि मधूनमधून तिचा तो डोक्यावरचा पदर घसरायचा. हात पिठाचे, म्हणून ती मनगटानं तो वर सरकवायची. समोर जाळ, अंगावर सोवळ्याची साडी, घाम मानेवरून खाली चाललेला. एकदाही ती म्हणाली नाही, की तुझ्या आईला एवढ्या उकाड्यात पदर कसा जमायचा. नुसतं म्हणाली, ‘तुझी आई लई धीराची होती की.’

मला वाटलं, सांगावं, की खोचा तो पदर. पण पदराचं सांगितलं की बडीशेपेचंही सांगावं लागलं असतं, आणि ती तर पुरणात वाटली गेली होती. मी म्हटलं, ‘कडेनं लाटा. मधे जोर देऊ नका.’ पाचवी पोळी नीट झाली. सहावी फुगली. मावशीनं माझ्याकडं बघितलं आणि मी मान हलवली. मला तेव्हा तिचा अभिमान वाटला हे मी आज कबूल करते. त्या वेळी मी स्वतःवरच चिडले होते.

बारा वाजता आत्याचं पान मांडलं. वडील बाजूला उभे होते. मावशीनं ओटी भरली, वाकून नमस्कार केला आणि पोळीवर तूप वाढलं. मी दाराच्या चौकटीला धरून आत्याच्या तोंडाकडं बघत होते. तिनं घास मोडला, तोंडात घातला, डोळे मिटले. दोनदा चावला. मग तिच्या मिटल्या डोळ्यांतून पाणी आलं.

‘वहिनीच,’ आत्या म्हणाली. ‘अगदी वहिनीच्या हातची. तोच वास, तीच चव.’

तिनं दुसरी पोळी मागून घेतली. मग तिसरी. मावशीला म्हणाली, ‘माझं काही म्हणणं नाय बाई. तू जिंकलीस.’ आणि वडिलांनी तोंड फिरवून भिंतीकडं केलं.

मला आत्याचा इतका राग आला, की तिच्या ताटातली वाटी उचलून फेकावी. दीड वर्ष. दीड वर्षात ही बाई माझ्या आईची चव विसरली. मूठभर बडीशेप खाऊन रडते काय, वहिनी वहिनी म्हणते काय. मग आम्ही जेवायला बसलो. माझ्या पानात पोळी पडली. मी खाल्ली, आणि घास तोंडात असतानाच आईच्या पोळीची चव आठवायला गेले. बडीशेप. डोळे घट्ट मिटले, आईचे हात आठवले, बांगड्या आठवल्या, तव्याशेजारची तुपाची वाटी आठवली. चव आठवेना. जी आठवली ती बडीशेपेची. आत्याला काय बोल लावायचा, माझंही तेच झालं होतं.

मी ताटावरून उठले आणि न्हाणीत जाऊन बसले. रडले म्हणजे काय, श्वास लागेपर्यंत रडले. आत्या बाहेरून म्हणाली, ‘आईची आठवण झाली असेल, रडू दे तिला.’ थोड्या वेळानं मावशी आली, हाताला अजून पीठ तसंच.

‘आई बडीशेप घालायची नाही,’ मी म्हटलं. ‘मी खोटं सांगितलं. आणि आता मला खरी चव आठवत नाही.’

मावशी दगडावर टेकली. मला वाटलं आता हिचा हात उठणार, आणि उठला असता तर मला बरंच वाटलं असतं.

‘पदराचं?’ तिनं विचारलं.

‘तेही खोटं.’

तिनं डोक्यावरचा पदर खाली ओढला, कमरेला खोचला आणि उठली. ‘डाळ थोडी उरली आहे की,’ म्हणाली. ‘चल.’

आत्या बाहेर घोरत होती. वडील कचेरीत गेले होते. सोवळं सुटलं होतं, त्यामुळं मला आत जायला आता कुणाची आडकाठी नव्हती. आम्ही दोघींनी पुन्हा डाळ शिजवली, गूळ घातला, मी पळी उभी करून पाहिली, पुरण वाटलं. आता चाखायलाही बंदी नव्हती. मावशी बोटावर पुरण घेऊन माझ्या तोंडात घालायची आणि माझ्या डोळ्यांत बघत राहायची. ‘ही?’ मी म्हणायची, नाही. गूळ जास्त झालाय. मग ती बाजूला थोडंसं काढून त्यात जायफळ घासायची. ‘आता?’ नाही. वेलची? थोडी. आणखी थोडी. असं आम्ही किती वेळ करत होतो कोण जाणे. लाटायची वेळ आली तेव्हा मी लाटलं, तिनं भाजलं. तिसरी पोळी तव्यावरून उतरली, मी तुकडा मोडला आणि म्हटलं, ‘हीच.’

ती आईचीच होती का? मला माहीत नाही. अगदी जवळ जाऊन आल्यासारखं वाटलं खरं. पण मावशीचं तोंड जाळानं लाल झालं होतं, दोन बोटं भाजली होती, आणि ती इतक्या आशेनं माझ्याकडं बघत होती, की ‘नाही’ म्हणायला मन धजेना. त्या पोळीला मी आईची पोळी म्हटलं. आजही मी तीच करते.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्याची जायची तयारी झाली. गाठोडं बांधता बांधता तिनं मला जवळ ओढलं. ‘हिच्या हातून नीट झालं, मी काही तुला नेत नाय जबरदस्तीनं. पण तुझं मन तिकडं असलं तर आत्ता सांग. कपडे घेऊ बांधून?’

वडील टोपी हातात घेऊन उभे होते. मावशी चुलीपाशी पाठमोरी होती. तिचं लाकडं सारणं थांबलं.

‘मी नाही येत,’ मी म्हटलं.

‘आँ? परवापर्यंत तर म्हशींची नावं घेत होतीस.’

‘नाही येत.’

कारण सांगितलं नाही. आत्याला लागलं असतं, आणि ती वाईट नव्हती. तिनं मला वर्षभर अंगाखांद्यावर वागवलं होतं. पण देवगावात कुणी मला आईबद्दल विचारत नव्हतं. आत्याच्या मनात आपली एक वहिनी ठरून गेली होती, बडीशेपेची का असेना. वडील तर आईचं नावच काढत नव्हते. माझ्या आईचं तोंडही न पाहिलेली ही एकच बाई होती, जी रोज उठून मला विचारायची, ती कशी करायची. ती विचारायची म्हणून मी आठवायची. देवगावला गेले असते तर आई म्हशींत आणि विहिरीत विरून गेली असती. नऊ वर्षांच्या पोरीला हे असं शब्दांत सांगता येत नाही. पण कळतं, आणि नीट कळतं.

आत्या गेली. जाताना वडिलांना सांगून गेली, की बडीशेपेचं माप नीट विचारून घेतलंय, सुनांना शिकवते. मी तोंड उघडलं नाही.

वडिलांना कचेरीला उशीर होत होता. मावशीनं घाईघाईनं वरण घोटलं, पळीत तेल तापत ठेवलं आणि सवयीनं विचारलं, ‘तुझी आई फोडणी कशाची द्यायची?’

यावेळी काहीही ठोकून द्यायचं नव्हतं. मोहरी? लसूण? पळीतून धूर यायला लागला.

‘मला आठवत नाही,’ मी म्हटलं.

मावशीनं तेल जाळावरून उतरवलं आणि माझ्याजवळ येऊन बसली. ‘सावकाश आठव की,’ म्हणाली.

बाहेरून वडिलांचा आवाज आला, पान घेतलं का?

‘थांबा जरा,’ ती आतूनच म्हणाली. ‘ती आठवतीय.’

मग वडील स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे राहिले, शेरवानीची बटणं अर्धी लावलेली. आमच्याकडं बघत नव्हते, चुलीकडं बघत होते. आई गेल्यापासून तिच्याबद्दल त्यांच्या तोंडून एक अक्षर निघालं नव्हतं.

‘मेथ्यांची,’ ते म्हणाले. ‘चार दाणे, काळे पडेपर्यंत. कडू होतं म्हणून मी रोज सांगायचो. ती ऐकायची नाही.’